पियानोचं पाणी

आमच्या रेडिओ केंद्रात रोज सकाळी दोघांना पाणी घातलं जायचं. दारातल्या कडुनिंबाला आणि पियानोला. कडुनिंबाला झाडलोट करणाऱ्या शेवंतामावशी घालायच्या आणि पियानोला काका. नव्या माणसाला हे सांगितलं की तो आधी हसायचा, मग आमच्या तोंडांकडे बघून गप्प व्हायचा.

पाणी पियानोवर ओतायचं नसतं, हे मलाही तिथं कामाला लागल्यावरच कळलं. पियानोच्या खालच्या अंगाला, पायांनी दाबायच्या दांड्यांच्या मागं, एक फळी निघते. आत कपाटासारखी मोकळी जागा असते. काका ती फळी काढायचे, आतली दोन मातीची गाडगी बाहेर घ्यायचे, पुसायचे, गळ्यापर्यंत भरायचे आणि पुन्हा आत सरकवायचे. आपल्याकडची हवा कोरडी. उन्हाळ्यात ओठ फुटतात तशी लाकडंही फुटतात. पियानोत तारांच्या मागं एक मोठी पातळ फळी असते, सगळा आवाज तिच्यावर घुमतो. ती सुकून तडकली की खेळ खलास. गाडग्यातलं पाणी हळूहळू उडतं आणि आतली हवा ओलसर राहते, एवढाच त्या पाण्याचा उपयोग.

"ताई, ह्यो समुद्राकाठचा गडी हाय," काका मला म्हणाले होते. "म्या त्याला माळावर आणला. तवा त्याची सोय म्याच बघाय पायजे."

काकांचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही. ते स्वतःच कार्यक्रमात नाव सांगायचे नाहीत. हॉटेलात वाजवणाऱ्याचं नाव बिलावर नसतं, मग इथं कशाला, असं म्हणायचे. आम्ही सगळे त्यांना काका म्हणत होतो, शेवंतामावशी दादा म्हणायच्या आणि ऐकणारे लोक 'एकचे काका', कारण त्यांचा कार्यक्रम दुपारी एकला असायचा.

ते मूळचे तेरचे. घर बौद्धवाड्यात. वडील लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचे. शिकायला म्हणून मुलाला सोलापूरला एका मिशनच्या वसतिगृहात ठेवलं. तिथल्या मॅडम सकाळच्या प्रार्थनेला पियानो वाजवायच्या आणि त्यांनी याला पुस्तकाची पानं उलटायला उभं केलं. पानं उलटायची तर वाजवणारी कुठवर आली ते कळायला हवं, म्हणून थोडं शिकवलं. ते थोडं फार झालं. पुढं मुंबईला एका मोठ्या हॉटेलात भांडी घासायला लागले आणि तिथल्या गोवेकर पियानोवाल्याच्या मागं लागून जॅझ शिकले. तो म्हातारा झाल्यावर त्याच्या स्टुलावर हे बसले आणि निम्मं आयुष्य लोकांच्या जेवणाला वाजवत राहिले.

मग हॉटेलचा मालक बदलला. नव्या मालकानं पियानोच्या जागी माशांची काचपेटी आणायचं ठरवलं. इतकी वर्षं वाजवलंत, काय देऊ, असं त्यानं विचारलं. काकांनी पियानो मागितला.

तोवर बायको वारली होती, मूलबाळ नव्हतं. तेरला पुतण्या होता. साखर कारखान्याला यंत्राचे भाग घेऊन येणाऱ्या ट्रकमधून पियानो ढोकीपर्यंत आला, तिथून ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत उसाच्या पाचटात गुंडाळून तेरला. आणि पुतण्याच्या घराचं दार पियानोपेक्षा चार बोटं अरुंद निघालं. दोन दिवस पियानो अंगणात ताडपत्रीखाली होता आणि त्यावर कोंबड्या बसत होत्या. आमचं केंद्र तेर-ढोकी रस्त्यावर, पूर्वीच्या खताच्या गोदामात. त्याला ट्रक आत जाईल एवढं दार. आमच्या केंद्रप्रमुखांनी कुणाकडून तरी हे ऐकलं आणि निरोप धाडला, पियानो इथं ठेवा, बदल्यात रोज तासभर वाजवा. आमच्या भागात जॅझ आला तो असा, दाराच्या मापामुळं.

मला जॅझ आवडत नव्हता. आजही तो फारसा कळतो असं नाही. मी बाजारभाव वाचायची, हवामान सांगायची आणि यंत्रावर बसून सगळ्यांचे आवाज कमीजास्त करायची. पहिल्याच आठवड्यात मी काकांना तोंडावर सांगितलं, "काका, तुमचं वाजवणं मला जमत नाही ऐकायला."

"जमायचंच न्हाय," ते म्हणाले. "आवडून घेऊ नका. सवय करा. कारल्याचं तसंच हाय."

कार्यक्रमाचं नाव त्यांनी 'उलटा ठेका' ठेवलं होतं. आपली एखादी साधी चाल घ्यायचे. जात्यावरची ओवी, पाळणा, लग्नातलं हळदीचं गाणं. एकदा नीट वाजवायचे आणि मग मोडायला सुरुवात. त्यांचं म्हणणं असं की चाल सगळ्यांना ठाऊक पाहिजे. ठाऊक नसलेलं मोडलं तर कुणाला काय त्याचं? सुरुवातीला लोकांना वाटलं की म्हातारा विसरभोळा आहे. तेरणेच्या काठच्या एका शेतकऱ्यानं चालू कार्यक्रमात फोन लावला.

"काका, तुमी पाळण्याची चाल इसरला व्हय?"

"व्हय, इसरलो," काका म्हणाले. "आता हुडकायलोय. थांबा लाईनीवर."

तो बिचारा खरंच थांबला. काका पाच-सात मिनिटं कुठं कुठं हिंडून शेवटी पाळण्यावर आले, तेव्हा फोनमधून मोठा सुस्कारा ऐकू आला. "घावली बगा," तो म्हणाला. त्यानंतर तो दर आठवड्याला फोन करायचा आणि लाईनीवर थांबायचा.

ते यायचे तेरच्या सकाळच्या बसनं, पायात रबरी चपला. केंद्रात त्यांचे काळे बूट ठेवलेले असायचे, आरशासारखे पुसलेले. पियानोला बसताना तेवढे बूट चढवायचे आणि उठल्यावर काढून कागदात गुंडाळून ठेवायचे. वाजवताना चूक झाली तर लपवत नसत. माईकवर सांगायचे, "आत्ता माझं बोट घसरलं. पण बरं वाटलं, म्हणून दुसऱ्यांदा तिथंच मुद्दाम घसरलो." कार्यक्रम संपवायला नमस्कार-चमत्कार काही नाही. हॉटेलात रोज शेवटी ते एक संथ चाल वाजवायचे, म्हणजे बसून राहिलेल्या गिऱ्हाइकांना उठायची वेळ झाली हे कळावं. तिला नाव नव्हतं. वेटर लोक तिला 'बिल आणा' म्हणायचे. इथंही तीच चाल वाजवायचे, "चला, बिल आणा" म्हणायचे आणि उठायचे. म्हणजे उठायला हवं होतं. ते बहुतेक दिवशी माझ्या बाजारभावात घुसायचे.

त्यावरून आमचं भांडण व्हायचं. मी तुरीचे भाव वाचायला लागले तरी यांची बोटं चालूच. मी डोळे वटारले की हळू वाजवायचे, बंद करायचे नाहीत. पुढं माझ्या लक्षात आलं की ते माझ्याबरोबर वाजवतात. तूर चढली की उजव्या हाताला वर जायचे, सोयाबीन पडलं की डाव्या हाताला खाली खाली. कांद्याच्या भावाला तर पार शेवटच्या पट्टीवर धपकन बोट मारायचे. लोकांना ते इतकं पाठ झालं की मी आकडा सांगायच्या आधीच त्यांना अंदाज यायचा. ढोकीचा एक दुकानदार मला म्हणाला, "ताई, तुमी नाय वाचलं तरी चालंल. काकांनी वाजवलं की कळतंय." मला राग आला. पण त्या दुकानदाराचं खरं होतं.

त्यांची सगळ्यात मोठी खोड मात्र वेगळीच होती. शांततेत त्यांना वाजवता यायचं नाही.

आम्ही स्टुडिओच्या भिंतींना अंड्यांचे पुठ्ठे आणि जुन्या वाकळी ठोकून मोठ्या कष्टानं शांतता तयार केली होती. रस्त्यावरचा ट्रॅक्टरसुद्धा आत ऐकू यायचा नाही. काका पहिल्या दिवशी आत बसले, हात पट्ट्यांवर ठेवले आणि तसेच बसून राहिले. मग बाहेर येऊन म्हणाले, "कुणीतरी आत येऊन बोला." निम्मं आयुष्य त्यांनी ताटं-चमचे आणि गप्पांच्या गलक्यात वाजवलं होतं. हॉटेलात लोक गप्प झाले तर त्याचा अर्थ मालक आला किंवा भांडण झालं. "सगळी गप बसली की मला वाटतं माझं कायतरी चुकलं," ते म्हणाले.

तेव्हापासून रोज एक वाजता आम्ही कामं घेऊन स्टुडिओत बसायला लागलो. शेवंतामावशी शेंगा सोलायच्या किंवा ज्वारी निवडायच्या. बचत गटाच्या बाया आल्या असल्या तर त्याही. कुणी चहाचे कप घेऊन यायचं. मावशींच्या सुनेची गाऱ्हाणी, कुणाची म्हैस आटली, येरमाळ्याच्या यात्रेला कोण कोण जाणार, हे सगळं पियानोच्या मागं चालू असायचं आणि तसंच माईकमधून हवेत, लोकांच्या रेडिओवर जायचं. केंद्रप्रमुखांनी एकदा आक्षेप घेतला की हा रेडिओ आहे, पाणवठा नाही. काका म्हणाले, "मग मला पाणवठ्यावर बसवा."

आम्हाला मदत देणाऱ्या संस्थेचे पाहुणे एकदा पुण्याहून आले. तिघं होते. खेड्यात जॅझ म्हणजे त्यांना नवल. त्यांनी मावशींना आणि मला बाजूला बसवलं, स्वतः पुढं हात बांधून, डोळे मिटून बसले. काकांनी चार सूर वाजवले आणि थांबले. पुन्हा चार वाजवले, पुन्हा थांबले. कार्यक्रम हवेत चालू होता. शेवटी मीच विचारलं, "काका, तेरच्या बाजारात वांगी कशी दिली आज?" त्यांचा चेहरा लगेच सैल झाला आणि बोटं चालायला लागली. तेवढ्यात एका पाहुण्यानं मला दटावलं, शूऽ. काका परत थांबले.

"त्यांना बोलू द्या साहेब. तुमीबी बोला."

"मी काय बोलू?" पाहुणे गोंधळले.

"सकाळी काय खाल्लं ते सांगा."

पाहुण्यांनी आधी अवघडत, मग रंगत येऊन येरमाळ्याच्या हमरस्त्यावर खाल्लेल्या मिसळीचं वर्णन केलं. तर्री किती, पाव किती, मग पोटात कसं झालं. काका त्या दिवशी फार सुंदर वाजवत होते, हे मला जॅझ न कळूनही कळलं.

मग तो दुष्काळाचा उन्हाळा आला. आधीच्या वर्षी पाऊस दोन नक्षत्रं पडून गेला होता. हिवाळ्यातच विहिरींनी तळ दाखवला आणि होळीनंतर टँकर सुरू झाले. केंद्राजवळच्या आमच्या गावाला एक दिवसाआड यायचा, कधी दोन दिवसांआड. केंद्राला एक पिंप मिळायचं. त्यात प्यायचं, चहाचं, संडासाचं. धुण्याभांड्याचं पाणीही शेळ्यांना जायचं. कडुनिंबाचं पाणी मावशींनी कधीच तोडलं होतं. पियानोची दोन गाडगी मात्र काका रोज भरत होते, आणि त्या कोरड्या हवेत ती रोज तळाला जात होती.

एका सकाळी मावशी टँकरवरून रिकामी घागर घेऊन आल्या. रांगेत दोन तास उभं राहूनही पाणी त्यांच्या आधीच संपलं होतं. काका खाली वाकून गाडगी भरत होते. मावशी त्यांना काही मुद्दाम बोलल्या नाहीत, दाराकडं बघून बोलल्यासारखं बोलल्या.

"माणसाला थेंब न्हाय अन् लाकडाला दोन गाडगी."

मला वाटलं आता काका काहीतरी मिश्कील बोलतील. ते वाकलेलेच होते. मग सरळ झाले, भरलेली गाडगी एकेक करून उचलली आणि मावशींच्या घागरीत रिकामी केली.

"दादा, मी तसं न्हाय म्हणले," मावशी म्हणाल्या.

"तुमी बरोबर बोललाव, शेवंताबाई." ते खुर्चीवर बसले. "माझी आई आडावर घागर घेऊन बसायची. आडाला हात लावायची सोय नव्हती. कुणीतरी वरनं पाणी वाढंपतोर बसून ऱ्हायची. मी तिच्याजवळ बसायचा. तवा पाण्यावरनं मी कुणाशी वाद घालत न्हाय. आजपासनं त्याचं पाणी बंद."

मावशी घागर घेऊन उभ्याच राहिल्या. त्यांच्या घराण्याचाही तसाच आड गावात होता, अजून आहे, आता त्याला पाणी नाही.

"आणि तो फुटला तर?" मी विचारलं.

"तर मीबी बंद," काका म्हणाले. "आता ह्या वयात दुसरा पियानो कुठला. आन् मिळाला तरी बोटं नव्यानं वळख करायची न्हायत."

हे ते इतक्या सरळपणे म्हणाले की मला त्यांचा राग आला. दोन गाडग्यांनी गाव तरणार नव्हतं. मी तसं म्हटलं. त्यावर ते बूट पुसायला लागले.

त्या दिवशी दुपारी त्यांनी माईकवर सांगितलं, "मंडळी, पियानोचं पाणी आजपासून बंद केलंय. कुणी म्हणलं म्हणून न्हाय, मलाच बरं वाटत नव्हतं. आता ह्यो सुकत जाणार. रोज शेवटी मी तीच 'बिल आणा' वाजवीन. तुमी ऐकत ऱ्हावा, कसा कसा सुकतोय ते."

आणि लोक ऐकायला लागले. मी म्हणते, इतकं मन लावून आमच्या केंद्राला आधी कधी कुणी ऐकलं नव्हतं. चार-सहा दिवसांतच सूर उतरायला लागले. मोबाईलवर आवाजी निरोप यायचे. एका ट्रॅक्टरवाल्यानं कळवलं की मधली तार बसली. एका बाईनं कळवलं की उजवीकडचं टोक बोबडं झालंय, आमच्या आत्याबाईंसारखं. लाईनीवर थांबणारा शेतकरी म्हणाला, "आमच्या हिरीचं पाणी अन् तुमचा आवाज संगंच खाली चालला, काका." जॅझ कुणाला कळत नव्हता. वाळत जाणं मात्र सगळ्यांच्या ओळखीचं होतं. काका ते सगळे निरोप ऐकायचे, मान डोलवायचे आणि म्हणायचे, "कान तयार झाले बगा लोकांचे." हसायचेही. पण बस येईपर्यंत पियानोच्या मागच्या बाजूला हात ठेवून बसायचे, ताप आलेल्या माणसाच्या अंगावर ठेवतात तसा. मला ते बघवायचं नाही.

शेवंतामावशीही ऐकत होत्या. पियानोचं नाव निघालं की त्या उठून जायच्या. आणि एका शनिवारी संध्याकाळी, आम्ही सगळे गेल्यावर, त्यांनी त्यांच्या परीनं उपाय केला. आपल्याकडं उन्हाळ्यात रांजणाला ओलं गोणपाट गुंडाळतात, खिडकीला लावतात, आजारी वासराच्या अंगावरही टाकतात. त्यांनी दोन पोती भिजवली आणि पियानोवर घातली. एक वरून पाठीमागं सोडलं आणि दुसरं झाकण उघडून थेट पट्ट्यांवर अंथरलं, आत गार लागावं म्हणून. पाणी त्यांच्या घरचं होतं. त्यांनी आंघोळ केली नव्हती, ते वाचलेलं पाणी त्या घागरीतून घेऊन आल्या होत्या.

सोमवारी आम्ही बघितलं तेव्हा पोती वाळून कडक झाली होती. मधल्या पट्ट्या फुगून एकमेकींना चिकटल्या होत्या, दाबल्या तर खाली जायच्या आणि वर यायच्या नाहीत. काकांनी मागं जाऊन बघितलं. इतके दिवस सुकलेली ती मोठी फळी एकदम भिजली, मग रविवारच्या उन्हात पत्र्याखाली तापली आणि उभी तडकली होती. त्यांनी डाव्या हाताचा एक जाड सूर वाजवला. फुटक्या डेऱ्यावर टिचकी मारल्यासारखा आवाज आला.

मावशी दारात उभ्या होत्या. त्यांना कुणी विचारलं नव्हतं. त्यांनीच सांगितलं.

"म्या केलं. आमच्या रांजणाला करतो तसं केलं."

केंद्रप्रमुख काही बोलायला लागले तसा काकांनी हात वर केला. काका मावशींना एक शब्द बोलले नाहीत, आणि तेच वाईट होतं. ते रागावले असते तर बरं झालं असतं. त्यांनी झाकण लावलं, बाहेर जाऊन कडुनिंबाखाली बसले, आणि मी चहा नेऊन दिला तो तसाच निवला. त्यांचे डोळे भरले होते. हॉटेलातून आणलेली तेवढी एकच वस्तू होती त्यांची.

एक वाजत आला. मी ठरवलं होतं की ते आले नाहीत तर जुनी भारुडं लावायची. एकला दोन मिनिटं असताना काका आत आले. कागद सोडून बूट काढले, घातले आणि स्टुलावर बसले. आम्ही सगळे नेहमीच्या जागी होतो. मावशी कोपऱ्यात, पुढ्यात शेंगांचं सूप, पण हात सुपात नाही. मी लाल दिवा लावला. कार्यक्रम हवेत गेला.

काकांनी झाकण उघडलं. हात पट्ट्यांवर ठेवले आणि वाजवलं नाही.

कुणी बोलेना. कोण काय बोलणार? रेडिओवर नुसती शांतता जात होती. रेडिओत याहून वाईट काही नाही. केंद्रप्रमुख काचेपलीकडून मला हातवारे करत होते. माझं बोट भारुडाच्या बटणावर गेलं. मला कळलं की आता काकांनी हात उचलले तर ते पुन्हा कधी बसणार नाहीत.

त्यांनी मान वळवली.

"शेवंताबाई," ते म्हणाले, "टँकर आला का आज?"

मावशी खाली बघत होत्या. "आला," त्या कशाबशा म्हणाल्या.

"किती घागरी मिळाल्या?"

"दोन."

"दोनच? मग भांडला न्हाय का?"

मावशींनी पदरानं तोंड पुसलं. "भांडू न्हाय तर काय. ती पाटलाची सून मधी घुसली. म्हणली माझा नंबर हाय. म्या म्हणलं, नंबर कसला, मी उजाडल्यापसनं हितं हाय, तू आत्ता केस इंचरून आलीस..."

काकांनी वाजवायला सुरुवात केली होती. मधल्या पट्ट्या मेलेल्या, तर ते त्यांच्या अलीकडून आणि पलीकडून जात होते, रस्त्यावरचा खड्डा चुकवावा तसे. कुठं मुक्या पट्टीवर मुद्दाम बोट मारायचे, तेव्हा नुसता लाकडाचा टक् असा आवाज यायचा, आणि तोही ठेक्यात यायचा. फळी मागून खरखरत होती. मावशींचं भांडण चढत चाललं, घागरी कुणी कुणाच्या ढकलल्या, ड्रायव्हरनं शिट्टी कशी वाजवली, आणि पियानो त्यांच्या मागं मागं चालला, थांबल्या की थांबून. अर्ध्यावर मावशींचा हात सुपात गेला आणि शेंगा फुटायला लागल्या. शेवटी मावशी म्हणाल्या, "मग ती सून रडाय लागली. तिच्या लेकराला ताप हाय म्हणं. मग म्या माझ्यातली अर्धी घागर तिला दिली." काकांनी तिथं 'बिल आणा' धरली. हळू, तडकलेली, मधले सूर नसलेली.

मी त्या दिवशी बाजारभाव वाचले नाहीत. कुणी तक्रारही केली नाही.

पाऊस त्या वर्षी बरा झाला, गाडगी पुन्हा पियानोत गेली. तडकलेली फळी सांधत नाही, असं पुण्याहून आलेल्या कारागिरानं सांगितलं. फुगलेल्या पट्ट्या त्यानं तासून देतो म्हटलं, तर काकांनी एवढ्यासाठी कशाला म्हणून त्याला परत पाठवलं. त्याच पियानोवर ते पुढंही वाजवत राहिले, माझ्या बाजारभावांत घुसत राहिले. गाडगी भरायचं काम मात्र मावशींनी घेतलं. घरून घागर आणायच्या. काका म्हणायचे केंद्राचं पिंप आहे की, तर त्या ऐकायच्या नाहीत.

गेल्या हिवाळ्यात काका गेले. झोपेतच. तेरला नदीकाठी त्यांना निरोप दिला, वडिलांच्या बँडमधल्या एका जुन्या माणसाच्या नातवानं क्लॅरिनेट वाजवलं. काळे बूट अजून केंद्रात कागदात आहेत.

आता एक वाजता आम्ही त्यांची जुनी ध्वनिमुद्रणं लावतो. कोणतं लावायचं ते लोक कळवतात. पाळणा मागतात, हळदीचं मागतात, पण जास्त करून निरोप येतो तो एकच, 'ते टँकरवालं लावा.' सुरुवातीची ती लांब शांतता मी कापलेली नाही.

परवा ते लावलं होतं. मी यंत्रावर हात बांधून, डोळे मिटून ऐकत होते. शेवंतामावशी झाडू ठेवून शेजारी येऊन बसल्या. शांतता चालू होती, काकांनी अजून वाजवायला सुरुवात केली नव्हती. मावशींनी मला कोपरानं ढोसलं.

"ताई, गप का बसलाव? तेन्ला वाजवता यायचं न्हाय."

मग मी डोळे उघडले आणि मावशींना विचारलं, आज भाजी काय केली.